जर-तरच्या जगातला मुलगा

गेल्या कार्तिकीची वारी करून आम्ही गावी पोलादपूरकडे परतलो, त्याच आठवड्यातली ही हकीकत. सांजेचा हरिपाठ झाला, मंडळी आपापल्या घरी गेली, समईची वात सारून आम्ही देवळाची कडी लावणार तोच आमचे एक जुने टाळकरी खांबाला टेकून बसलेले दिसले. आम्ही म्हटले, "काय भाऊ, घरी नाही का जायचे?" तर म्हणाले, "बुवा, एक विचारू का? पण हसायचं नाही." आम्ही पुन्हा खाली बसलो.

"दुसऱ्या जगात माझा पोरगा असेल का हो? स्वर्गबिर्ग म्हणत नाही मी. असंच जग, असंच पोलादपूर, असाच पाऊस. फक्त तिथं तो त्या दिवशी घाटात गेला नाही."

वाचकहो, चाळीस वर्षे आम्ही चार माणसांपुढे उभे राहून बोलतो आहोत. जीव म्हणजे काय, जगत् म्हणजे काय, मरण म्हणजे काय, हे सांगायला आम्ही कधी अडखळलो नाही. पण हा प्रश्न आम्हांला कोणी विचारला नव्हता.

प्रश्न आला कुठून ते आधी सांगितले पाहिजे. या गृहस्थांचा नातू, म्हणजे गेलेल्या मुलाचाच मुलगा, महाडला कॉलेजात शिकतो. दिवाळीच्या सुट्टीत त्याने आजोबांना मोबाइलवर एक परदेशी मालिका दाखवली आणि शेजारी बसून मराठीत समजावून सांगितली. 'डार्क' असे तिचे नाव. जर्मनीत तयार झालेली, २०१७ साली सुरू होऊन २०२० साली संपलेली. आम्हीही मग त्या मुलाला बोलावून ती सगळी ऐकून घेतली, काही भाग पाहिलेही. गुंता इतका की आमच्या एकनाथी भागवताच्या पारायणाला इतके लक्ष आम्ही दिले असते तर बरे झाले असते! पण त्या गुंत्याच्या तळाशी जी गोष्ट आहे ती अगदी साधी आहे. एक म्हातारा घड्याळजी आहे. त्याचे मुलाशी भांडण होते. मुलगा रागारागाने बायकोला आणि तान्ह्या लेकीला गाडीत घालून पावसाच्या रात्री निघून जातो, आणि पुलाजवळ गाडी नदीत जाऊन तिघेही मरतात. म्हाताऱ्याला ते सहन होत नाही. गेलेले परत आणण्यासाठी तो एक यंत्र बनवतो. यंत्र चालू होते, मुले परत येत नाहीत, उलट जगच दुभंगते आणि एकाची दोन जगे होतात. तीच माणसे, तेच गाव, पण एकीकडे एक झाले तर दुसरीकडे दुसरे. आणि दोन्हीकडे पिढ्यान्‌पिढ्या दुःखाचे रहाटगाडगे. समांतर विश्व म्हणतात ते हे.

ही कल्पना त्या लोकांच्या टेलिव्हिजनवर जुनीच आहे. अमेरिकेतल्या 'स्टार ट्रेक' मालिकेत १९६७ सालीच एक भाग असा होता की, अवकाशयानाचा कप्तान चुकून दुसऱ्या विश्वात जातो. तिथे त्याचे तेच सहकारी आहेत, पण सगळे क्रूर आणि एकमेकांच्या जिवावर उठलेले. विलायतेच्या 'डॉक्टर हू' मध्ये १९७० साली अशाच दुसऱ्या जगात पृथ्वीला भोके पाडणाऱ्या माणसांनी पृथ्वीचा नाश ओढवून घेतलेला नायक डोळ्यांनी पाहतो, ते जग त्याला वाचवता येत नाही, परंतु परत येऊन तो आपल्या जगातले ते काम थांबवतो. आणि २००८ ते २०१३ या काळात 'फ्रिंज' नावाची मालिका झाली, तिच्याकडे आम्ही पुढे येणार आहोत.

आपल्या मराठीत म्हणाल तर जयंत नारळीकरांनी 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा लिहिली. १४ जानेवारी १७६१ या दिवशी पानिपतावर विश्वासरावांना गोळी लागली हे आपण शाळेत शिकलो. त्या कथेतले इतिहासाचे प्राध्यापक एका अपघाताच्या धक्क्याने अशा जगात जातात की जिथे ती गोळी विश्वासरावांच्या कानाजवळून निसटून गेली, मराठे जिंकले आणि पुढचा सगळा इतिहास बदलला. गोळी एवढीशी सरकली आणि हिंदुस्थान निराळा झाला! नारळीकर २० मे २०२५ रोजी पुण्यात निवर्तले. देवभोळेपणावर त्यांनी आयुष्यभर कोरडे ओढले, तेव्हा आमच्यासारख्या माळकऱ्याने त्यांची साक्ष काढावी हे काहींना गमतीचे वाटेल. वाटो. गोष्ट चांगली आहे.

शास्त्रज्ञांचे म्हणणे आम्हांला समजले तेवढे असे. १९५७ साली ह्यू एव्हरेट नावाच्या अमेरिकन तरुणाने आपल्या प्रबंधात मांडले की, अणूच्या पोटातल्या सूक्ष्म कणांच्या बाबतीत जिथे दोन गोष्टी संभवतात, तिथे एक घडते आणि दुसरी नाहीशी होते असे मानण्याचे कारण नाही. दोन्ही घडतात, पण वेगवेगळ्या शाखांत. त्या काळच्या मोठ्या पंडितांनी ते मनावर घेतले नाही, आणि तो बिचारा विद्यापीठ सोडून सरकारच्या संरक्षणखात्याच्या कामाला लागला. आज पुष्कळजण ते मत गंभीरपणे मानतात, पुष्कळजण मानत नाहीत. वाद मिटलेला नाही. परंतु मानणारेही एक गोष्ट स्पष्ट सांगतात, की एका शाखेतून दुसऱ्या शाखेत जायला वाट नाही. निरोप नाही, चिठ्ठी नाही, डोकावणे नाही. ते दार टेलिव्हिजनवाल्यांनी आपल्या पदरचे बसवले आहे. दारावाचून गोष्ट कशी होणार?

आता वारकऱ्याला अनेक विश्वांचे नवल वाटू नये. अनंतकोटी ब्रह्मांडनायक असे आपण रोजच म्हणतो. योगवासिष्ठाच्या उत्पत्तिप्रकरणात लीलेचे आख्यान आहे, ते तर या सगळ्या मालिकांचे आजोबा शोभेल. पद्म राजा मरतो. त्याची राणी लीला त्याचे प्रेत फुलांत झाकून ठेवते आणि सरस्वतीला विचारते, माझा नवरा कुठे आहे? देवी तिला दाखवते की तो त्याच महालातल्या आकाशात, दुसऱ्या एका जगात विदूरथ नावाचा राजा होऊन नांदतो आहे. आणि वाचकहो, तिथे त्याच्याजवळ एक दुसरी लीला आहे! पुढे देवी तिला आणखी एका जगात नेते. तिथे डोंगरातल्या गावी एक ब्राह्मण आठ दिवसांपूर्वी वारला आहे, घरात मुले रडताहेत. एकदा राजाची स्वारी जाताना पाहून त्या ब्राह्मणाच्या मनात आले होते, आपणही असे राजे असतो तर? त्या 'असतो तर' मधून हे राज्य, हा महाल, ही राणी, सगळे उभे राहिले. यंत्र नाही, वीज नाही. एक वासना, आणि तिच्यामागे अख्खे जग.

म्हणून आमच्या टाळकऱ्याच्या प्रश्नाला आम्ही पहिल्या रात्री जे उत्तर दिले ते शास्त्राला धरून होते. आम्ही म्हटले, "भाऊ, ऋणानुबंध तेवढाच होता. आत्म्याला मरण नाही. प्रारब्ध कुणाला चुकले आहे?" त्यांनी सगळे ऐकून घेतले आणि म्हणाले, "ते कळतं हो बुवा. माळ घातलीय मी बेचाळीस वर्षं. पण पखवाज आणायला मी पाठवला ना त्याला."

इथे आम्हांला थांबावे लागते. त्यांनी पाठवला हे खरे, पण पखवाज कुणाला हवा होता? आठ वर्षांपूर्वीच्या श्रावणात आमच्या सप्ताहाची तयारी चालली होती. पखवाज वाईला दुरुस्तीला दिला होता. पाऊस धरून होता, आंबेनळी घाटात धुके. मुलगा म्हणत होता, दोन दिवसांनी उघाडीप झाली की जातो. सप्ताह सोमवारी बसायचा, आणि त्याला दोन दिवस आधी, भरल्या देवळात आम्हीच म्हणालो होतो, "पखवाजावाचून वीणा उभी करायची का? देवाच्या कामाला पाऊस आड येत नाही." ते वाक्य टाळकऱ्याने घरी जाऊन मुलाला सांगितले. मोटरसायकल घेऊन तो सकाळी निघाला. पखवाज पाठीशी बांधून परत येताना वळणावर रस्त्यावर उतरलेल्या मातीवरून गाडी घसरली. पखवाजाला काही झाले नव्हते. तो अजून देवळात आहे.

त्या रात्री खांबापाशी बसून टाळकऱ्याने स्वतःचे नाव घेतले, आमचे घेतले नाही. आठ वर्षांत एकदाही घेतलेले नाही. आणि आम्ही त्यांना प्रारब्ध सांगत होतो.

तेव्हा हा प्रश्न आता नुसता त्यांचा राहिला नाही. असे एखादे जग असेल की जिथे आम्ही ते वाक्य बोललो नाही, तर त्याने आमचे काय हलके होते? प्रामाणिकपणे सांगायचे तर पहिल्यांदा हलके वाटले. चार दिवस आम्ही मनाशी तेच घोळवीत होतो. सूक्ष्म कणांचे शास्त्र म्हणते सगळेच कुठेतरी घडते, म्हणजे कुठेतरी आम्ही गप्प बसलो आहोत, मुलगा सोमवारी टाळ धरून उभा आहे. मग या जगातला आमचा शब्द हा अनेकांपैकी एक फासा, असा पडला एवढेच. पण पाचव्या दिवशी नातू समोरून गेला. "रामकृष्ण हरी, आजोबा," म्हणाला. या पोराचा बाप या जगातून गेला आहे. दुसऱ्या जगातल्या पोराला बाप आहे याचा या पोराला काय उपयोग? फी याची भरायची आहे. त्या दुसऱ्या जगातल्या गप्प बसणाऱ्या बुवाचे पुण्य आमच्या खाती कोण जमा करणार?

कोणी म्हणेल, सगळेच पर्याय कुठेतरी घडतात तर मग निवड करण्यात अर्थ काय? यावर आम्ही लांब जात नाही, महाडलाच जातो. १९२३ साली मुंबईच्या कायदेमंडळाने सार्वजनिक पाणवठे सर्वांना खुले करण्याचा ठराव केला, पुढच्या वर्षी महाडच्या नगरपालिकेने आपल्या तळ्यापुरता तसाच ठराव केला. तरी चवदार तळ्यावर गुरे पाणी पीत आणि अस्पृश्य म्हटलेली माणसे पिऊ शकत नसत. एकाच गावात दोन जगे होती, शेजारीशेजारी. आणि एका जगातल्या माणसाला दुसरे दिसत नव्हते, रोज समोर असून दिसत नव्हते. २० मार्च १९२७ रोजी डॉ. आंबेडकर आपल्या अनुयायांसह तळ्यावर गेले आणि पाणी प्याले. त्यानंतर लोकांना मार बसला, आणि तळे बाटले म्हणून ते शुद्ध करण्याचा विधीही झाला. कोर्टकचेऱ्या होऊन हायकोर्टाचा शेवटचा निकाल लागायला १९३७ साल उजाडले. त्या दिवशी मागे फिरलेले आंबेडकर दुसऱ्या कोणत्या तरी विश्वात असतील, आम्ही नाही म्हणत नाही. पण आमच्या महाडात ओंजळ भरली गेली ती या तळ्यात. आणि गळ्यात तुळशीची माळ घालून त्या दिवशी घराची दारे लावून बसलेलेही महाडात असणारच, ते आमच्यातलेच. त्यांना दुसऱ्या जगातल्या स्वतःचा दाखला देऊन सुटता येत नाही, मग आम्हांला कसे येईल?

आता 'फ्रिंज'. त्या मालिकेत एका शास्त्रज्ञाचा लहान मुलगा आजाराने मरतो. त्याने दुसऱ्या विश्वात पाहण्याची खिडकी तयार केलेली असते. तीतून त्याला दिसते की तिथेही तोच मुलगा त्याच रोगाने आजारी आहे, पण अजून जिवंत आहे. हा औषध घेऊन तिकडे जातो, औषध फुटते, म्हणून मुलालाच उचलून इकडे आणतो. बरा करून परत पोचवायचे असे त्याच्या मनात असते. पण घरी बायको त्या पोराचे तोंड पाहते, आणि परत पाठवायचे राहून जाते. इकडे घर भरले, तिकडे दुसरे आईबाप मूल हरवले म्हणून वेडे झाले, आणि दोन विश्वांमधला पडदा फाटून दोन्हीकडे अनर्थ सुरू झाला.

हे आम्ही टाळकऱ्याला सांगितले. ते बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "म्हणजे तिथला पोरगा तिथल्या बापाचा."

आम्ही म्हटले, "होय भाऊ. तिथे तुम्ही आहात, तो तुमच्याजवळ जेवतो आहे."

"जेवू दे," ते म्हणाले. आणि पहिल्यांदा त्यांच्या डोळ्यांतून पाणी आले. आम्हांला वाटते, आमच्या प्रारब्धाने जे झाले नाही ते या एका शब्दाने झाले. मुलगा मागणे निराळे, आणि जिथे असेल तिथे त्याला जेवू दे म्हणणे निराळे.

पण नातवाचे समाधान एवढ्याने झाले नाही. तरुण पोर आहे. त्याने 'डार्क'चा शेवट काढला. शेवटी त्या दोन दुभंगलेल्या जगांतली दोन मुले, एक मुलगा आणि एक मुलगी, मूळ रात्रीत येऊन रस्त्यात उभी राहतात. घड्याळजीच्या मुलाची गाडी थांबवतात, पुढे जाता येणार नाही म्हणून सांगतात. गाडी मागे वळते. मुलगा बापाच्या दारात परत येतो. आणि ज्यांनी थांबवले ती दोघे विरून जातात, कारण अपघातच झाला नाही तर त्यांची जगेही झाली नाहीत. नातू म्हणाला, "आजोबा, बाबांना तसं थांबवायला कोणी नव्हतं." आम्ही मान खाली घातली.

मग आम्हांला सावित्री आठवली. महाबळेश्वरी उगम पावून पोलादपूर, महाडवरून जाणारी आमची सावित्री. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री पूर आला आणि महाडजवळचा, हमरस्त्यावरचा ब्रिटिशांच्या वेळचा दगडी पूल कोसळला. अंधारात, पुढे पूल नाही हे न कळता एसटीच्या दोन गाड्या, जयगड-मुंबई आणि राजापूर-बोरिवली, आणि एक खासगी गाडी पाण्यात गेल्या. सुमारे ४० माणसे गेली. कित्येक दिवस लोक नदीकाठी उभे होते. गाड्यांचे सांगाडे फार दिवसांनी सापडले. पुढच्या वर्षीच्या जूनमध्ये नवा पूल सुरूही झाला. आता त्यावरून गाडी कधी जाते ते कळतही नाही, पण आमच्या भागातला माणूस अजून खिडकीतून खाली बघतो.

त्या रात्रीची आणखी एक गोष्ट आहे. पुलाजवळच्या गॅरेजमध्ये काम करणाऱ्या एका माणसाला एक गाडी जाता जाता दिसेनाशी झाल्याचे कळले. तो पावसात रस्त्यावर आला, येणाऱ्या गाड्या त्याने थांबवल्या, पोलिसांपर्यंत खबर गेली. दुसऱ्या विश्वातून आलेला नव्हता तो. गॅरेजमधला माणूस. त्याच्यामुळे ज्या गाड्या थांबल्या त्यांतली माणसे आज कुठे कुठे असतील. लग्ने झाली असतील, पोरे झाली असतील, काहींनी त्या रात्री उशीर झाला म्हणून कपाळाला आठीही घातली असेल. आपण एका 'जर' मध्ये राहतो आहोत हे त्यांतल्या कितीकांच्या ध्यानात असेल? आम्हांला हे सुचले तेव्हा अंगावर काटा आला. आम्हीही कितीदा घाटातून गेलो, कितीदा कोणी 'थांबा हो, चहा घेऊन जा' म्हणून पाच मिनिटे धरून ठेवले. जी दरड पडून गेल्यावर आपण पोचलो ती आपल्याला नुसती माती दिसते.

२२ जुलै २०२१ ला महाड तालुक्यातल्या तळियेवर डोंगर आला. ८० हून अधिक माणसे त्यात गेली. त्याच पावसात पोलादपूर तालुक्यातल्या केवनाळे आणि सुतारवाडीवरही दरडी आल्या. त्या दिवशी कामासाठी, औषधासाठी, लेकीच्या घरी म्हणून गाव सोडून गेलेली माणसे मागे राहिली. आपण का उरलो, हा त्यांचा प्रश्न. उरलेल्याला उरल्याचे ओझे असते, त्याला समांतर विश्वाची मालिका नको, शेजारी बसणारे माणूस हवे. आम्ही त्या वेळी तिकडे भजनाला गेलो होतो आणि भजन न करताच बसून आलो. ते बरे केले असे आता वाटते.

ज्ञानेश्वरीच्या अकराव्या अध्यायात अर्जुन विश्वरूप पाहतो. जे आहे, जे होते, जे होणार, सगळे एकदम. आणि ते पाहून तो काय मागतो? आणखी दाखव म्हणत नाही. भितो, आणि आपले ओळखीचे रूप परत दे म्हणतो. पुष्कळ वर्षे आम्ही हा भाग अर्जुनाची दुर्बलता म्हणून सांगत आलो. आता तसे सांगवत नाही. सगळी विश्वे एकदम दिसली तर माणसाला कुणाचाच हात धरता येणार नाही. आपल्याकडे तर ब्रह्मांडांचा धनी एका विटेवर उभा आहे, आणि तोही एक मुलगा आईबापांचे पाय चेपतो आहे म्हणून.

यंदाच्या आषाढीची गोष्ट सांगून पुरे करतो. पायी वारी आता झेपत नाही म्हणून आम्ही सातआठ म्हातारे गाडी ठरवून घाटमार्गाने पंढरीला जातो. नवमीच्या आत पोचायचे असे ठरले होते. निघायच्या सकाळी पाऊस असा की समोरचे घर दिसेना. तरी सामान चढले, पखवाज चढला, आम्ही पुढच्या सीटवर बसलो. टाळकरी गाडीपुढे येऊन उभे राहिले आणि ड्रायव्हरला म्हणाले, "चावी काढ."

मंडळी चिडली. नवमी चुकणार, चंद्रभागेचे स्नान गर्दीत सापडणार. एकजण बोललाही, "अहो भाऊ, देवाच्या कामाला..." आणि आमच्याकडे पाहून गप्प झाला. टाळकरी काही बोलले नाहीत, जागचे हलले नाहीत, डोक्यावरून पाणी निथळत होते. आम्ही खाली उतरलो आणि त्यांच्या शेजारी जाऊन उभे राहिलो.

दुसऱ्या दिवशी दुपारी उघडले तेव्हा निघालो. घाटात वाटेत बघत गेलो. कुठेही दरड पडलेली नव्हती. रस्ता स्वच्छ होता. ड्रायव्हर हसून म्हणाला, "बघा, कालच गेलो असतो तरी काही झालं नसतं." टाळकरी मागच्या सीटवर पखवाज मांडीवर घेऊन बसले होते. म्हणाले, "नसतंच झालं काही. चल हळूहळू."

दशमीला रात्री आम्ही पंढरपुरात पोचलो. दर्शनाची रांग पार लांब गेली होती.